मॅगीचं शेवटचं पान

मॅगीला आता घालवायचं, हे धम्मपालने पक्कं केलं होतं. शेवटच्या पानावर ती होडीत बसून निघून गेली होती आणि मागे नुसता किनारा उरला होता. अंक कॉपीशॉपमधून छापून आला होता. जर्मनीतल्या येना शहरातल्या घरात स्वयंपाकघराच्या टेबलावर कागदांचे गठ्ठे पडले होते. एका बाजूला तो बसला होता, दुसऱ्या बाजूला त्याची आई, प्रभावतीबाई. दोघं घड्या घालत होते. उद्या बर्लिनला छोट्या कॉमिक्सवाल्यांची जत्रा होती, आणि तिथे हा अंक मांडायचा होता.

तरुणपणापासून तो हेच करत आला होता. इंग्लंडमध्ये वुल्व्हरहॅम्प्टनला असताना लायब्ररीच्या झेरॉक्स मशीनवर त्याने मॅगीचा पहिला अंक काढला. स्वतःच लिहायचं, स्वतःच चित्रं काढायची, घड्या घालून पिना मारायच्या आणि कुठल्यातरी चर्चच्या हॉलमध्ये टेबल लावून बसायचं. विकले जायचे त्याहून जास्त अंक शेजारच्या टेबलांशी अदलाबदलीत जायचे. त्या जगाची रीतच तशी. लष्कराच्या भाकऱ्या भाजण्यातलाच प्रकार. पुढे त्याची बायको धम्मदीपा हिला येनात भिंगांच्या संशोधनाची नोकरी मिळाली आणि बिऱ्हाड जर्मनीत आलं. वडील गेल्यावर आईही आली. ब्रेक्झिटच्या मतदानानंतर तर परत जायचा विषयच मिटला. पोट बायकोच्या पगारावर आणि नाव मॅगीच्या जिवावर, असं तो स्वतःच हसत सांगायचा.

मॅगी म्हणजे स्कॉटलंडच्या किनाऱ्यावर, दीपगृहात एकटी राहणारी सात वर्षांची मुलगी. लाल केस, गालांवर तांबूस ठिपके. अंकामागून अंक निघाले, पण ती सातचीच राहिली. वाचकांना ते फार गूढ वाटायचं. त्यात गूढ काही नव्हतं. धम्मपालची धाकटी बहीण हर्षा सात वर्षांची असताना तापाने गेली होती.

त्यानंतर त्या घरात हर्षाचं नाव कुणी काढलं नाही. वडिलांनी तिचे फोटो कुठे नेले ते कधी कळलं नाही, आणि विचारायची कुणाची प्राज्ञा नव्हती. म्हणून धम्मपालने तिला कागदावर आणलं. आईला कळू नये म्हणून केस लाल केले, नाव इंग्रजी ठेवलं, न पाहिलेला समुद्र आणला. आईच्या काळजाला धक्का लागला असता तर त्याला तो सोसवला नसता. पण आईला काही कळलं नाही. ती आपली घड्या घालायची, पाठ दुखली की उठून चहा टाकायची. एकदाही तिला अंक उघडून वाचताना त्याने पाहिलं नव्हतं.

गेलं वर्षभर मात्र भलतंच चाललं होतं. डोळे मिटून हर्षाला आठवायला जावं तर समोर मॅगी यायची. जेवायला बसलेली हर्षा, वडिलांच्या खांद्यावरची हर्षा, दवाखान्यातली हर्षा. सगळीकडे तेच लाल केस, तेच ठिपके. बहिणीचा चेहरा आपल्याच हाताने पुसला गेला, असं त्याला वाटायचं. मॅगी गेली तर कदाचित हर्षा परत येईल, एवढीच आशा उरली होती. पण मॅगी जायला तयार नव्हती. रिकामा किनारा काढायला बसलं की हात आपोआप कोपऱ्यात एक छोटी आकृती काढून मोकळा व्हायचा. कितीतरी कागद फाडल्यावर एकदाचा तो किनारा रिकामा राहिला होता.

"अरे, आत्ता पिना नको हं मारू," धम्मदीपा आतल्या खोलीतून म्हणाली. "रूहेत्साइट आहे. ठकठक केलीस तर खालच्या बाई परत वर येतील."

"गेनाऊ, बरोबर. नुसत्या घड्याच घालतोय."

दुपारच्या त्या सक्तीच्या शांततेत कागदांची सळसळ तेवढी ऐकू येत होती. आतले कागद आईकडे आणि सगळ्यात बाहेरचा त्याच्याकडे, अशी त्यांची वाटणी असायची. आज आईचे कागद आधी संपले. तिने त्याच्यासमोरचा गठ्ठा ओढून घेतला. या कामात एक गंमत असते. बाहेरच्या कागदावर अंकाचं पहिलं आणि शेवटचं पान शेजारीशेजारी छापलेलं असतं. घडी पडली की दोन्ही एकमेकांपासून लांब जातात. आई आता दोन्ही पानं एकदम पाहील, हे धम्मपालच्या लक्षातच आलं नाही.

आईने कागद हाताने सपाट केला. उजवीकडे मॅगी दीपगृहाच्या पायरीवर बसली होती. डावीकडे ओसाड किनारा. आईचा हात थांबला. तिने कागद पालथा करून पाहिला, परत सुलटा केला. मग गठ्ठ्यातला दुसरा उचलून पाहिला.

"इथली कुठे गेली?" तिने विचारलं.

"गोष्ट संपली, आई. गेली मॅगी."

आईने कागद खाली ठेवला.

"मॅगी गेली तर जाऊ दे," ती म्हणाली. "माझी हर्षा कुठाय?"

धम्मपालच्या हातातली घडी अर्धीच राहिली. आईच्या तोंडून ते नाव तो लहानपणानंतर पहिल्यांदा ऐकत होता. त्याला रडू फुटलं आणि त्याने ते आवरलंही नाही.

"मला तिचा चेहराच आठवत नाही गं," तो म्हणाला. "काढून काढून हरवला."

आईने एक कोरा कागद त्याच्यापुढे सरकवला आणि त्यावर पेन्सिल ठेवली.

"केस बदललेस, नाव बदललंस, मी काही बोलले नाही. पण नाक तुझं पहिल्या अंकापासून चुकतंय," ती म्हणाली. "काढ, मी सांगते."