पलीकडे पोचलेला चिमणा

पडद्यावर चिमणा धावत सुटला आणि थिएटरात टाळ्यांचा कडकडाट झाला. मागच्या भिंतीशी उभ्या लुत्स्यानने मान खाली घातली. फिल्म त्याचीच होती. वॉर्सात जर्मनांशी गल्लीगल्लीत झुंज चालली होती, आणि तरी बंडखोरांचा हा सिनेमा भरदुपारी हाऊसफुल्ल जात होता.

चिमणा हे टोपणनाव. बंडात खरं नाव कुणी कुणाला विचारत नसे. त्या दिवशी तो गोळ्या चुकवत रस्ता ओलांडून समोरच्या फाटकात पोचला, पण त्याआधीच लुत्स्यानचा कॅमेरा मध्येच थांबला होता. कॅमेऱ्याच्या स्प्रिंगला किल्ली द्यायचीच राहिली होती! नवशिक्याला शोभेल असा गाढवपणा.

"चिमण्या, परत एकदा पळशील का रे?"

"का? केस विस्कटले होते का माझे?" एकमेकांना जोडलेल्या तळघरांतून लांबून वाट काढत चिमणा हसत अलीकडे आला आणि पुन्हा धावला. रस्त्याच्या मधोमध त्याला गोळी लागली. या वेळी कॅमेरा झकास चालला होता.

लोकांचा धीर खचू नये, म्हणून लुत्स्यानने तो पडण्याआधीच फिल्म कापली. पुढे फाटकात शिरणारी दुसऱ्याच कुणाची तरी पाठ जोडली. पडद्यावर चिमणा सुखरूप पोचला.

खेळ संपला. दारात एका म्हातारीने त्याची बाही धरली.

"चिमण्याची फिल्म काढणारे तुम्हीच ना? मी त्याची आई."

खोटं बोलायचं त्राण लुत्स्यानमध्ये उरलं नव्हतं. किल्ली, दुसरी धाव, गोळी, त्याने सगळं सांगून टाकलं.

"ठाऊक आहे मला," म्हातारी म्हणाली. "अंगणात खड्डा खणून मीच पुरलं त्याला."

"मग शिव्या द्या मला, बाई. मारा. मी मारलंय त्याला."

"तुम्हाला मारून माझं काय भलं होणार आहे? आधी तिला सांगा."

तिने आत बोट दाखवलं. रिकाम्या थिएटरात पहिल्या रांगेत एक तरुणी पुढच्या खेळाची वाट बघत बसली होती.

"माझी सून. मी त्याला पुरलं तेव्हा ही शहराखालच्या गटारांतून बंडखोरांचे निरोप पोचवत होती. रोज सांगते, अगं, तो गेला. तर मलाच म्हणते, 'काहीतरीच काय, आई! आत्ताच तर पलीकडे पोचला.'"