डावा गुडघा

पाखाडीच्या शेवटच्या पायऱ्या उतरताना फुजैलने दात आवळले, पण चाल सरळ ठेवली. जांभ्या दगडाच्या या पायऱ्या लहानपणी तो दोन-दोन एकदम उतरायचा. आता एकेका पायरीला डावा गुडघा शिव्या घालत होता. पण वर रस्त्यावर धाकूची रिक्षा अजून उभी होती आणि शेजारच्या खळ्यात मथुराकाकी आमसुलं वाळत घालत होती. त्या दोघांच्या देखत लंगडायची त्याची तयारी नव्हती.

"इलास काय रे?" मथुराकाकीने हाक मारली. "यंदा पन टीवीवर दिसणार ना?"

"बघू, काकी."

बघायला सवड फारशी नव्हती. फुटबॉल क्लबला तो आणखी एक वर्ष हवा होता. होय की नाही ते आज संध्याकाळपर्यंत कळवायचं होतं. गोवा, कोलकाता, शिलाँग, जिथे लीग तिथे फुजैल आपल्या गोलसमोर उभा राहिला होता आणि दुसऱ्यांच्या पायातले चेंडू काढत आला होता. बचावपटूचं काम असंच. चेंडू अडवला तर कुणी विचारत नाही, सुटला तर सगळं गाव विचारतं. आणि दुखणं तर दाखवायचंच नसतं. कुठला गुडघा कच्चा आहे हे समोरच्या पोराला कळलं, की तो नव्वद मिनिटं त्याच बाजूने अंगावर येतो. प्रशिक्षकाला कळलं की बाकावर बसायचं, क्लबला कळलं की घरी. म्हणून गेले दोन हंगाम फुजैल बाहेरच्या डॉक्टरकडून गुपचूप सुया टोचून घेत होता आणि ताठ चालत होता.

आता मात्र गुडघ्यात राम राहिला नव्हता. क्लबला नकार द्यायला त्याचा जीव आसुसला होता, पण जीभ रेटत नव्हती ती अम्मीपायी. टीव्हीवर त्याची मॅच असली की त्याची आई, रझिया, पडवीत खुर्च्या मांडायची, वाडीला चहा पाजायची. क्रिकेटने वेडावलेल्या गावात तिने एकटीने फुटबॉल जगवला होता. तिची ही हौस कुठल्या तोंडाने काढून घ्यायची?

रझिया मागच्या दारी मुडदुशे मासे साफ करत बसली होती. त्याने सलाम केला. तिने सलामाला उत्तर दिलं, मान वर केली आणि बघितलं ते थेट पायांकडे.

"बस."

जमिनीवर बसायचं म्हणजे गुडघा दुमडायला हवा. "उभाच बराय मी, अम्मी. बसून बसून आंबलोय."

"धाकूच्या रिक्षेत? स्टँडावरनं हितपर्यंत?"

रझिया उठली, हात धुतले आणि पडवीतली एक खुर्ची आणून त्याच्यापुढे ठेवली. पाहुण्यांसाठीची खुर्ची. फुजैल गुमान बसला.

"कवापासून दुखतोय?"

"काय?"

"डावा."

"नाय दुखत."

"फुजैल." ती नुसतं नाव घेऊन थांबली. मग खाली बसून मासे पुन्हा पुढ्यात ओढत म्हणाली, "पयला दोन्हीकडं वळायचास. आता उजव्यावरच वळतंस. गेल्या पावसाच्या आधीपासून बघतंय मी."

"चेंडू सोडून तू माझे पाय बघत होतीस?"

"चेंडू कोणाचा कोण! तो कुठं जातोय ता बघून मना काय करायचाय?"

"मग इतके दिवस बोलली का नाहीस?"

"तू सरळ चालून दाखवतंस, मी काय बोलू? म्हटला, पोराला अजून खेळायचाय."

"आणि मला वाटलं, तुला बघायचंय."

"मना?" रझियाच्या हातातला मासा तसाच राहिला. "लोका टाळ्या वाजवायची, तवा मी ओढणीखाली तस्बीचे मणी ओढत बसायची. शेवटची शिट्टी कधी वाजतेय नि माजा पोर दोन पायांवर कधी बाहेर येतोय. चाय कशाला पाजत व्हतंय मी? एकटीला बघवायचा नाय म्हणून लोका बोलवायची."

फुजैलला हसू फुटलं. दोन हंगाम मायलेकरांनी एकमेकांची हौस जपली होती, आणि ती हौस दोघांपैकी एकालाही नव्हती. रझियाही हसायला लागली. हसता हसता तिने मनगटाने डोळे पुसले, हाताला माशाचा वास होता म्हणून.

त्याने खिशातून फोन काढला, 'येत नाही' एवढंच टाइप केलं आणि क्लबला पाठवून दिलं. छातीवरची धोंड कुणीतरी उचलून बाजूला ठेवावी तसं त्याला झालं.

"जा, विहिरीवर पाय धुऊन ये. भात झालाय."

तो उठला आणि सवयीने ताठ चालू लागला.

"फुजैल," ती मागून म्हणाली, "आता घरात तरी लंगड. मना बघू दे किती दुखतोय ता."

तो थबकला. मग त्याने डावा पाय सैल सोडला. पाय लागलीच आपल्या मनासारखा पडायला लागला, वाकडा, अर्धवट, अंग एका बाजूला टाकत. खळ्याच्या कडेने तो तसाच निघाला.

मथुराकाकीने आमसुलांवरून मान वर केली. "अरे अरे, पायाला काय झाला रे?"

"दुखतोय, काकी!" फुजैलने वर रस्त्यावरच्या धाकूलाही ऐकू जाईल एवढ्या मोठ्याने सांगितलं. "लय दुखतोय!"

आणि तो अगदी सावकाश, खुशाल लंगडत विहिरीकडे गेला.