बाद रीळ

आन्सेल्मने तीस वर्षं पॅरिसवर प्रायोगिक लघुपट केले. त्यांत गटारं असायची, जिने असायचे, वाळत घातलेले मोजे असायचे. आयफेल टॉवर चुकून जरी दिसला तरी तो रीळ बाद करायचा. म्हणायचा, "पोस्टकार्डंच विकायची तर टपरी टाकेन की!"

तो गेल्यावर मुलगी सोलेन शोकसभेत दाखवायला त्याचा चेहरा शोधत होती. स्वयंपाकघरात चादर टांगून मायलेकींनी सगळी रिळं पाहिली. मोजे ढीगभर सापडले, बाबा कुठेच नाही. शेवटी 'बाद' लिहिलेला एकच डबा उरला.

चादरीवर टॉवर उभा राहिला. त्याच्यापुढे तिरकी बेरे टोपी घालून, काखोटीला लांबलचक पाव मारून, बाबा नाचत होता. पावाचं टोक वाटेतच खाऊन झालेलं.

सोलेन हसून हसून खुर्चीवरून घसरली. "आई, पिऊन आला होता का गं?"

"छे! तुझा मामा कॅमेरा धरायलाच तयार नव्हता. तर याचं आपलं, 'अरे घे, आज मला हे शहर अगदी असंच दिसतंय!'"

"आज म्हणजे कधी?"

आईने डब्याचं झाकण उलटून तिच्यापुढे धरलं.



आत सोलेनची जन्मतारीख होती.