पिंक

दोनशे ऐंशी फुटांवर अंकुशनं बोअरचं मशीन बंद केलं, तरी पाइपातून आवाज येतच राहिला. ओला, सावकाश, कचकच. आपल्याच तोंडातल्या तंबाखू-सुपारीच्या खर्र्याचा असेल, म्हणून त्यानं चघळणं थांबवलं. आवाज थांबला नाही. खाली कुणीतरी चावत होतं.

भर दुपार होती. कुरखेड्याजवळच्या पोचूभाऊंच्या धानाच्या बांधीत आतापर्यंत नुसता मुरूम आणि काळा दगड निघाला होता. आता वर आलेला चिखल कोमट होता आणि त्याला लाळेसारख्या तारा सुटत होत्या. अंकुशनं चिमूटभर उचलला. आतले खडकाचे तुकडे दाढेखाली रगडल्यासारखे चपटे झाले होते. वास न धुतलेल्या तोंडाचा होता. त्यानं बोटं पँटला पुसली.

"हे काय होय, भाऊ?"

बांधावर बसलेल्या पोचूभाऊंनी समोरच्या डोंगराकडे हनुवटी केली. "माही आजी सांगे, खाली एक जण बसला हाये. तो जमीन चघळते. तोंड भरलं का थुकते. हे सारे पहाड त्याचीच थुंकी हाये."

"आन् आता?"

"आता तोंड भरत आलं असन."

अंकुशला स्वतःच्या खर्र्याची किळस आली. त्यानं तो थुंकला, चूळ भरली, बोटानं जीभ खरवडली. तरी जबडा थांबेना. खालच्या तालावर तो रिकामाच चावत राहिला.

मग खालचं चावणं थांबलं, आणि अंकुशचे ओठ आपोआप मिटले. पिंक टाकायच्या आधी मिटतात, तसे.