पाण्याखालचे दार

न्यायालयाच्या कागदावर असे नोंदले होते, की ९ सप्टेंबर १९७८ रोजी सकाळी अकरा वाजता संकठा घाटावरील ढुंढिराज घाणेकर यांच्या घराच्या दारावर नोटीस डकवण्यात आली. त्या दिवशी, त्या वेळी, ते दार गंगेच्या पुरात पूर्ण बुडालेले होते.

ढुंढिराजांनी नोव्हेंबरातल्या त्या सकाळी दारात उभे राहून दोन्ही विधाने पुन्हा पडताळून पाहिली. ते शाळेत पदार्थविज्ञान शिकवत. पुरात घर बंद करून ते ब्रह्मा घाटावर नातलगांकडे राहिले होते. परतल्यावर भिंतीवरची गाळाची रेघ त्यांनी स्वतः मोजली होती : उंबरठ्यापासून अकरा फूट. दार सहा फुटांचे. मापात चूक नव्हती. तरी समोर, बोळात, अटकेचे वॉरंट घेऊन नोटिसा बजावणारा न्यायालयाचा अमीन दिनानाथ उभा होता.

“दरवाज़े पर चस्पा किया था, मास्टर साहब. लेई भी अपने हाथ से लगाई,” दिनानाथ म्हणाला. “आप तारीख़ पर आए नहीं. साहब ने लिख दिया, जान-बूझकर टाल रहे हैं.”

“डुबकी मारके चिपकाया क्या, भैया?” कालिंदीबाई नवऱ्याच्या खांद्यामागून कडाडल्या. “मछलियों को पढ़वाने?”

डांबर फासलेल्या काळ्या दाराकडे दिनानाथ वर-खाली पाहत राहिला. “हमें तो हरा याद है,” तो पुटपुटला.

“ऐकलंत? खोटं बोलणाऱ्याला रंगसुद्धा धड आठवत नाही,” कालिंदीबाई नवऱ्याला म्हणाल्या.

मेहुण्याच्या कर्जाला ढुंढिराज जामीन राहिले होते; मेहुणा वारला, कर्ज राहिले. ऐपत नाही म्हणून माणसाला तुरुंगात घालत नाहीत, ऐपत असून फेडत नाही म्हणून घालतात. आपण पहिल्यांपैकी आहोत, एवढेच सांगायला मिळावे म्हणून नोटिशीतली ती तारीख होती. ती उलटून गेली होती. आता न्यायाधीशांपुढे तोंड चुकवणारा म्हणून उभे राहायचे. तीन महिन्यांची दिवाणी कैद. शाळा तेवढे दिवस जागा राखून थांबणार नव्हती.

“वर गल्लीतून नको,” ते कसेबसे म्हणाले आणि मग दिनानाथकडे वळले. “लड़के स्कूल जा रहे होंगे.”

“नाव से चलिए, राजघाट तक. वहाँ से रिक्शा कर लेंगे.”

“मफलर बांधा आधी,” कालिंदीबाई म्हणाल्या. “तिथं ताप आला तर हा भैया काढा देणार आहे का? व्हा पुढे. खिडक्या लावून मी कचेरीत येतेच.”

बोळ उतरून दोघे घाटावर आले. नाव सुटली. सवयीने ढुंढिराजांनी नदीकडच्या भिंतीवरची गाळाची रेघ शोधली. रेघेच्या वीतभर वर पहिल्या मजल्याची माणूसभर उंच खिडकी होती. तिच्या दोन्ही झडपा दिवसभर बाहेरच्या भिंतीला टेकलेल्या असत; मिटत त्या रात्रीच. कालिंदीबाईंनी हात बाहेर काढून एकेक झडप ओढून घेतली.

झडपा हिरव्या होत्या. डावीवर, बाहेरच्या अंगाला, एक पिवळट चौकोनी कागद होता.

“वही!” दिनानाथ ताडकन उठला, नाव हेलकावली. “वही दरवाज़ा है, मास्टर साहब! नाव वहीं लगी थी. हम झूठ नहीं लिखते.”

ढुंढिराजांनी दोन्ही हातांनी नावेची कड पकडली. अमीन खोटा आहे, एवढीच त्यांची बाजू होती. तीही गेली.

पुरात नाव त्या बंद खिडकीला लागली, आणि जिने हे घर कोरडे कधी पाहिले नव्हते त्या नजरेला ती खिडकी दार वाटली. झडप उघडी असली की कागद भिंतीकडे होई. मिटली की गंगेकडे. घरातल्या माणसाला तो कोणत्याही वेळी दिसणे शक्य नव्हते. वाचायला त्या उंचीवर नाव हवी होती, आणि पाणी तर दोन महिन्यांपूर्वीच उतरले होते.