दहावं रीळ

“दहावं रीळ दाखवलंच पाहिजे का?” अब्दुल गफ्फारांनी तिसऱ्यांदा विचारलं.

जुईलीला हसू आलं. अमरावतीच्या एका कॉलेजात ती फिल्म क्लब चालवायची. रविवारी दुपारी एक जुना इटालियन युद्धपट लावायचा आणि चाळीस वर्षांपूर्वी तो परतवाड्याच्या टॉकीजमध्ये दाखवणाऱ्या, आता अमरावतीतच राहणाऱ्या ऑपरेटरचा सत्कार करायचा, असा तिचा बेत होता.

“चाचा, आता रिळं कुठं असतात? एकच फाईल आहे. बटण दाबलं की अख्खा पिक्चर.”

“मंग आमच्या बेगमले नको बोलावू.”

“चाची तर कालच हो म्हणाल्या.”

गफ्फारांचा चेहरा उतरला. जुईलीला वाटलं, म्हातारा सत्काराला लाजतोय.

त्या काळी अकोल्या-अमरावतीत फिरून घासलेली प्रिंट शेवटी परतवाड्याला यायची. बाजाराच्या दिवशी तीनचा खेळ लांबला की खेड्यांवरच्या लोकांची शेवटची एसटी चुकायची, आणि मग ते राग खुर्च्यांवर काढायचे. म्हणून ऑपरेटर एखादं रीळ सरळ गाळायचा. या पिक्चरचं गफ्फारांनी दहावं गाळलं. आठ सैनिक शत्रूचा पेट्रोलचा साठा उडवायला वाळवंटात निघतात. नवव्या रिळात सगळे चाललेले दिसतात, अकराव्यात कॅप्टन एकटाच समुद्राशी पोचतो. बाकीचे मागून येत असतील, असं पब्लिक समजून घ्यायचं. पब्लिक मोठं समजूतदार.

पहिल्या बाजाराला नसीमबानोच्या खालानं हा पिक्चर पाहिला. पुढच्या बाजाराला ती अकोल्याहून आलेल्या आपल्या भाचीला घेऊन आली आणि डोअरकीपरला म्हणाली, पोरीले जरा पुढं बसव. पाण्याचा डबा वाहणारा, तुटक्या दाताचा एक सैनिक आहे ना, तो हुबेहूब हिच्या भावासारखा हसतो. भाऊ वकार आखातात कामाला गेला होता. वर्ष झालं, त्याचं पत्र नव्हतं.

डोअरकीपरनं ही गोष्ट वर केबिनमध्ये पोचवली. दहाव्या रिळात तोच पोरगा सुरुंगावर पाय देतो.

नसीमबानो दुसऱ्या दिवशी आली, तिसऱ्या दिवशीही आली. गफ्फारांनी मग बाजार असो-नसो, पिक्चर उतरेपर्यंत ते रीळ डब्यातून बाहेर काढलंच नाही. वर्षभरानं दोघांचं लग्न झालं. वकारचं पत्र काही आलं नाही. नसीमबानोनं त्या पिक्चरचा विषय कधी काढला नाही, गफ्फारांनीही काढला नाही. बायकोपासून लपवलेली त्यांची ही एकच गोष्ट, आणि तिचा त्यांना मनातून अभिमान होता.

रविवारी त्यांनी शेवटचे प्रयत्न करून पाहिले.

“तुह्या गुडघ्यानं पायऱ्या नाही चढवत.”

“लिफ्ट हाये म्हणे.”

“ऊन भल्लं तापून राहिलं.”

“आत एसी हाये.” नसीमबानोनं एक रुमाल आपल्या पर्समध्ये टाकला आणि दुसरा त्यांच्या खिशात कोंबला.

“मले काहून?”

“राहू द्या. लागते.”

सत्कार झाला, शाल मिळाली, अंधार झाला. पडद्यावर तुटक्या दाताचा पोरगा हसला तशी नसीमबानोही हसली. फाईल एकच असली तरी कुठलं रीळ कुठं संपतं, हे गफ्फारांना पाठ होतं. नववं संपत आलं. ते उठले.

“चाल, एसटी चुकते.”

“घर रिक्षानं धा मिनिटावर हाये,” ती हळूच म्हणाली. “बसा.”

ते बसले. बायकोच्या डोळ्यांवर हात ठेवावा, असं त्यांना फार वाटलं. पण तिनं त्यांचं मनगट घट्ट धरून ठेवलं होतं.

पोरगा चालत होता. चालता चालता त्यानं मागं वळून कुणाला तरी काही सांगितलं, आणि धुरळा उडाला. डबा लवंडला. पाणी वाळूत जिरलं. चाळीस वर्षं डब्यात दाबून ठेवलेलं सगळं गफ्फारांच्या डोळ्यांतून वाहायला लागलं. तिच्याकडे बघायची त्यांची छाती होईना.

दिवे लागले. लोक टाळ्या वाजवत होते.

“माफ कर मले,” गफ्फार म्हणाले. “तुह्यापासून लपवलं म्या. तुले तरास नको म्हणून ते रीळ...”

नसीमबानोनं त्यांच्या खिशातला रुमाल काढला आणि त्यांचे डोळे पुसले. तिचे कोरडे होते.

“अकोल्यात दोनदा पाह्यला होता मी, अख्खा,” ती म्हणाली. “मंग खालाचा निरोप आला, परतवाड्याच्या टॉकीजमधे तो मरत नाही.”