चालायचं मशिन

“उंबरा ओलांडायचा नाही, आई. काय चालायचं ते घरात चालायचं.”

राजवर्धनचं हे वाक्य दोन महिन्यांपूर्वीचं. शालूबाईंच्या कानात ते आजही तसंच्या तसं होतं. आणि त्याच उंबऱ्यात, अर्धं घरात नि अर्धं बाहेर, पोरानं आणलेलं ते चालायचं मशिन अडकून बसलं होतं.

“काकी, दार काढाय लागतंय,” टेंपोवाला केरबा घाम पुसत म्हणाला. “आणताना कसं आत घातलंतं?”

“दार काढूनच.”

“मग काढू?”

“काढ की. इचारतोस काय!”

मंगळवार पेठेतल्या त्या घरात शालूबाईंचा आवाज चढलेला कुणी ऐकला नव्हता. मंगळवार-शुक्रवारचा उपास, आणि रोज अंघोळ झाली की चालत अंबाबाईचं दर्शन. सोबतीला दोन गल्ल्या पलीकडच्या चिमणाबाई. बारा वर्षं हा नेम चुकला नव्हता. श्रावणात मिरजकर तिकटीजवळ मोटारसायकलीचा धक्का लागला आणि शालूबाईंचं मनगट मोडलं. प्लास्टर निघायच्या आत मशिन घरात आलं. त्याच्या समोर टीव्ही, आणि टीव्हीवर देवीचं थेट दर्शन. “तुझा नेमही झाला आणि डॉक्टरांनी सांगितलेलं चालणंही झालं,” राजवर्धन म्हणाला. सगळ्यांना पटलं. सूनबाई अनुजाला तर फारच.

शालूबाईंनी मनापासून करून बघितलं. पण समोर देवी असताना पायात बूट कसे घालायचे? त्या अनवाणीच चालायच्या आणि पट्ट्यानं तळवे भाजून घ्यायच्या. दसऱ्याला राजवर्धननं गाड्यांबरोबर मशिनलाही झेंडूची माळ घातली. ती पट्ट्यात गेली आणि मशिन दोन दिवस बंद पडलं. ते दोन दिवस शालूबाईंना सणाहून गोड गेले.

मग गेल्या शुक्रवारची गोष्ट. शालूबाई पट्ट्यावर चालत होत्या आणि टीव्हीवर आरतीची घंटा वाजली. आरती चालू असताना माणूस चालत राहतं होय? त्या जागच्या जागी थांबल्या, डोळे मिटले, हात जोडले. पट्टा मात्र थांबला नाही. त्यानं त्यांना मागच्या मागं सोफ्यावर नेऊन आदळलं. त्यांनी कुणाला सांगितलं नाही. गुडघ्याला तेल चोळलं आणि केरबाला फोन लावला.

दार निघालं. मशिन पायरीवर आलं, तेवढ्यात राजवर्धनची गाडी समोर येऊन थांबली. अनुजानं स्वयंपाकघरातून त्याला कळवलं होतं.

“आई! हे कुठं चाललंय?”

“कोडोलीला. केरबाच्या मेव्हण्यानं जिम काढलीय. देऊन टाकलं.”

“देऊन टाकलं? मला विचारलंस तरी का?”

“आणताना मला इचारलंतंस?”

केरबानं मशिन खाली टेकवलं आणि बांधलेली दोरी उगाच सोडून पुन्हा बांधायला घेतली.

“अगं, तुझ्यासाठीच आणलं ना! बाहेर पडलीस आणि परत कुणी धडक दिली तर?”

“चिमणाबाई असती की संगं.”

“त्या सत्तरीच्या! त्या काय तुला सांभाळणार? आणि देवी टीव्हीवर तीच, देवळात तीच.”

“तीच हाय की. पण हात जोडलं की मागं ढकलतंय ते मला, राजा.” शालूबाईंचा आवाज होता तसाच मऊ होता. “आजवर तुझं सगळं ऐकलं. ह्ये एक न्हाय ऐकायची. सर बाजूला.”

राजवर्धननं सवयीनं दाराकडं हात नेला. तिथं दार नव्हतं. ते भिंतीला टेकवून ठेवलेलं होतं. शालूबाई त्याच्या शेजारून पायऱ्या उतरल्या आणि मागं न बघता चालू लागल्या.

चिमणाबाईंच्या दारात त्यांचा मुलगा अमरसिंह दात घासत उभा होता. शालूबाईंना बघून त्यानं घाईनं चूळ भरली.

“या काकी, बरं झालं आलासा! तुम्ही न्हाईसा तर आमच्या आईनं दोन म्हयनं पाऊल बाहेर टाकलं न्हाय. म्हणती, शालीला हाताला धरून न्यायची सवय झालीया, एकटीला करमत न्हाय.”

आवाज ऐकून चिमणाबाई भिंतीला हात लावत बाहेर आल्या. नव्वार नेसलेलं, कुंकू लावलेलं. जणू त्या दोन महिने रोज सकाळी अशाच तयार होऊन बसत होत्या.

“आलीस व्हय गं बया? चल, धर माझा हात,” त्या ऐटीत म्हणाल्या. “परत कुठंतरी धडपडशील.”

त्यांनी हात पुढं केला. तो शालूबाईंच्या बराच डावीकडं गेला. शालूबाई सरकल्या आणि त्यांनी तो धरला. अमरसिंह हसत आत गेला.

गेल्या दिवाळीपासून चिमणाबाईंना काहीच दिसत नव्हतं. पोराला कळलं तर तो आपल्याला आजऱ्याच्या लेकीकडं नेऊन कोपऱ्यात बसवेल, म्हणून त्यांनी शालूबाईंकडून देवीसमोर शब्द घेतला होता. बोलायचं न्हाय कुणाला, आणि सोडायचं न्हाय मला.

शालूबाई गाड्या जातात त्या बाजूला झाल्या. गल्लीतल्या बायका खिडक्यांतून बघत होत्या, म्हणून गल्ली संपेपर्यंत दोघी नुसत्या चालत राहिल्या.

“गटार आलं,” मग शालूबाई ओठ न हलवता पुटपुटल्या. “जरा मोठं पाऊल टाक.”